सोलापुरात कॅमेरा घेऊन थांबायचं कसं : सार्वजनिक जागांवरच्या निरीक्षणात्मक माहितीपटाची तयारी

या प्रकारच्या माहितीपटात निवेदन नसतं, मुलाखत नसते, पार्श्वसंगीत नसतं. कुणाला ‘जरा परत एकदा तसंच चालत या’ असंही सांगायचं नसतं. समोर जे घडतंय ते घडू द्यायचं, पुरेसा वेळ टिपायचं आणि संकलनात अशा क्रमाने लावायचं की बघणाऱ्याला त्या जागेची रीत आपसूक उमगत जाईल. १९६० च्या सुमारास खांद्यावर पेलतील असे १६ मिमीचे कॅमेरे आणि त्यांच्याशी मेळ राखून चालणारे सुटसुटीत ध्वनिमुद्रक आले, तेव्हा ही पद्धत रुजली. आज तेवढं काम मोबाइल करतो. साधन नाही ही अडचण फारशी उरलेली नाही, प्रश्न वेळेचा आहे. एकाच जागी पुन्हा पुन्हा जाऊन उभं राहायची तयारी असेल, तरच पुढचं वाचा. कारण खाली जे काही सांगतोय ते सगळं त्या एका गोष्टीवर उभं आहे.

जागा ठरवा, विषय नंतर सापडतो

‘सोलापूरचं जनजीवन’ असा विषय घेऊ नका. मग चादर, शेंगाचटणी, सिद्धेश्वर तलाव, चार हुतात्म्यांचे पुतळे अशी चित्रं एकामागून एक येतात आणि कुठेच कुणी माणूस भेटत नाही. एक जागा घ्या, तीही लहान. जागेला स्वतःचं वेळापत्रक हवं, तिथे रोज परत येणारी माणसं हवीत आणि तुम्हाला दोन तास कुणाच्या पायात न येता उभं राहता आलं पाहिजे.

माझ्या मते पहिल्या कामासाठी बाजार समितीच्या कांदा मार्केटइतकी भरलेली जागा शहरात दुसरी नाही. हिवाळ्याच्या हंगामात जिल्ह्यातून, शेजारच्या जिल्ह्यांतून आणि कर्नाटकातूनही रात्रभर गाड्या येत राहतात. पोती उतरतात, थप्प्या लागतात, शेतकरी पोत्यांवरच आडवा होतो. सकाळी लिलाव, मग तोलाई, मग आडत्याकडून पट्टी. त्या कागदावर हमाली, तोलाई, गाडीभाडं वजा होऊन उरलेला आकडा असतो. फेब्रुवारी २०२३ मध्ये याच बाजारात पाच क्विंटलहून जास्त कांदा विकून एका शेतकऱ्याच्या हाती दोन रुपयांचा चेक पडला, ती बातमी देशभर गाजली. बातमीचे कॅमेरे त्या चेकनंतर आले. निरीक्षण करणाऱ्याला मात्र रात्रीची गाडी लागते तिथपासून हजर राहावं लागतं, आणि ज्या दिवशी बातमी होण्यासारखं काहीच घडत नाही त्या दिवशीही. भाव बरा मिळालेला माणूस पट्टी कशी घडी करतो आणि पडेल भाव मिळालेला कशी करतो, हे दोन्ही पाहिल्याशिवाय त्या कागदाचं वजन पडद्यावर येत नाही.

एसटी स्टँड ही दुसरी जागा. पंढरपूर, तुळजापूर, अक्कलकोट या तिन्ही देवस्थानांच्या वाटा इथून फुटतात, विजयपूर-कलबुर्गीच्या गाड्याही लागतात, एकाच बाकावर मराठी, कन्नड, तेलुगू आणि दखनी उर्दू ऐकू येते. पण प्रवासी दहा मिनिटांत निघून जातो. म्हणून तिथे जे थांबतात त्यांना धरा: वाहतूक नियंत्रक, झाडणारी बाई, हमाल, फुटाणे-शेंगा विकणारा.

शहराच्या पूर्व भागातला सकाळचा रस्ता ही तिसरी जागा. वळलेल्या विड्या पिशवीत घालून त्या जमा करायला आणि पान-तंबाखू घ्यायला विडी कामगार बायका निघतात. हिशेब हजार विड्यांवर चालतो. रस्ता सार्वजनिक आहे, कारखान्याचं दार ओलांडलं की तो खासगी मामला, हे लक्षात ठेवा. तरी सांगतो, रस्त्यावरचं चालणं, वाटेतलं थांबणं, परतताना बदललेली चाल, एवढ्यावरही एक पूर्ण छोटी फिल्म होते.

जानेवारीतली सिद्धेश्वराची गड्डा यात्रा मी मुद्दाम मागे ठेवली. सणाच्या दिवशी प्रत्येक जण स्वतःहून दिसायला बाहेर पडलेला असतो. नंदीध्वजांच्या उंच, सजवलेल्या काठ्या, अक्षता, होम, शोभेचं दारूकाम, सगळं आधीच देखणं. शिवाय शेकडो मोबाइल तेच टिपत असतात. यात्राच घ्यायची असेल तर आधीचा नंदीध्वजांचा सराव घ्या. बाराबंदीचा पांढरा पारंपरिक पोशाख नाही, फुलं नाहीत, दिवसभराच्या कामाच्या कपड्यांत काठी पेलण्याची मेहनत तेवढी असते. किंवा यात्रेनंतर होम मैदानावर पाळणे उतरवणारे कामगार घ्या.

पहिल्या फेऱ्या वही घेऊन

कॅमेरा घरी ठेवा. वहीत जागेचा ओबडधोबड नकाशा काढा: कोण कुठे बसतं, ऊन कुठून येतं, ऊन टाळायला माणसं कुठे सरकतात, स्पीकर कुठे आहे, पाणी कुठे आहे. मग तासांचे रकाने आखा आणि दर तासाला काय होतं ते लिहा. एकच दिवस लिहून भागत नाही. सोमवारची आणि शनिवारची वही शेजारी ठेवली की रोज होणारं आणि कधीतरी होणारं वेगळं दिसायला लागतं. फिल्मचा सांगाडा रोज होणाऱ्या गोष्टींचा बनतो, आणि कधीतरी होणारी गोष्ट त्या सांगाड्यामुळे नजरेत भरते.

या काळात रोज त्याच टपरीवर चहा घ्या. दोन-तीन दिवसांत कुणीतरी विचारेलच, ‘काय ओ, कुठल्या पेपरचे?’ खरं उत्तर द्या, तेही एका वाक्यात सांगता येईल असं: ‘या मार्केटात रात्रीपासून दुपारपर्यंत काय काय चालतं, त्याची फिल्म करतोय.’ हे वाक्य आधी तयार ठेवा, कारण पुढे शंभर वेळा तेच सांगायचं आहे आणि प्रत्येकाला सारखंच सांगायचं आहे. एकाला कॉलेजचा प्रोजेक्ट आणि दुसऱ्याला टीव्ही सांगितलंत तर संध्याकाळपर्यंत दोघांची गाठ पडलेली असते.

परवानगी : कागदाची आणि माणसाची

कागदाचं आधी उरकू. कांदा मार्केटसाठी बाजार समितीच्या सचिवांकडे अर्ज करा, स्टँडसाठी एसटीच्या अधिकाऱ्यांकडे, सिद्धेश्वर मंदिराच्या आवारासाठी देवस्थान पंच कमिटीकडे. रेल्वे स्टेशनवर लेखी परवानगीशिवाय चित्रीकरण करू नका. सोलापूर हा मध्य रेल्वेचा विभाग असल्याने चौकशीला विभागीय कार्यालय गावातच आहे. भुईकोट किल्ला केंद्रीय पुरातत्त्व खात्याकडे येतो, तिथले नियम वेगळे आहेत. चौकात किंवा रस्त्यावर काम करणार असाल तर हद्दीतल्या पोलीस ठाण्यात माहितीचं पत्र द्या. प्रत्येक पत्राची पोच घ्या आणि ती झेरॉक्स खिशात ठेवा. एखाद्या हवालदाराने हटकलं तर वाद घालण्यापेक्षा शिक्का मारलेला कागद लवकर काम करतो. ड्रोनचा विचार या कामात करूच नका. वरून माणसाचा चेहरा दिसत नाही आणि नियमांचा व्याप वेगळाच.

माणसाची परवानगी हे रोजचं काम आहे. गर्दीच्या मोठ्या दृश्यात प्रत्येकाला विचारणं शक्य नसतं, पण जो माणूस ओळखू येईल इतका जवळून किंवा इतका वेळ दिसणार आहे त्याला विचारलंच पाहिजे. ‘हो’ म्हणालेला माणूस उद्या ‘नको’ म्हणू शकतो, हे त्यालाही सांगून ठेवा. संमतीपत्रावर सही घेण्यापेक्षा त्याच्या भाषेत बोलून ती संमती कॅमेऱ्यावर घेणं मला जास्त प्रामाणिक वाटतं: नाव, फिल्म कशाबद्दल, कुठे दाखवणार, पैसे मिळणार नाहीत, आणि थांबवायचं असेल तर कुणाला फोन करायचा. महोत्सवाला किंवा वाहिनीला लेखी सही लागू शकते, तेव्हा तीही घ्या, पण वाचून दाखवून.

काही गोष्टी संमती असली तरी टिपू नयेत. स्टँडवर झोपलेली बाई, अंगावर पाजणारी आई, नशेत पडलेला माणूस. त्यांच्या त्या क्षणाला तुमच्या फिल्मची गरज नाही. मुलांबाबत तर कायदाच आहे. टपरीवर राबणारं पोर बाल न्याय अधिनियम २०१५ नुसार काळजी आणि संरक्षणाची गरज असलेल्या मुलांत येऊ शकतं, आणि अशा मुलाची ओळख उघड करणं हा गुन्हा ठरतो. चेहरा, नाव, शाळा, घराचा पत्ता यातलं काहीही दिसता कामा नये. नंतर धूसर करण्यापेक्षा चौकटच अशी धरा की चेहरा येणार नाही.

आणि पैसे देऊ नका. चहा पाजा, पोतं उचलायला हात लावा, काढलेला फोटो छापून आणून द्या. पण दृश्यासाठी पैसे दिले की दुसऱ्या दिवसापासून माणूस तुमच्यासाठी काम करायला लागतो.

साधनं थोडकी

चांगला मोबाइल किंवा छोटा मिररलेस कॅमेरा, एकच लेन्स (३५ मिमीच्या आसपास), खिशात मावणारा ध्वनिमुद्रक, कानभर बसणारे हेडफोन, पॉवर बँक, दोन जादा कार्डं. ट्रायपॉड शक्यतो नको. ट्रायपॉड दिसला की लोक वाट सोडून उभे राहतात.

सेटिंग एकदाच लावा आणि पूर्ण फिल्मभर बदलू नका. सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे गाळ्यांतल्या ट्यूब आणि एलईडी या सेटिंगवर लुकलुकण्याची शक्यता कमी असते. व्हाइट बॅलन्स (रंगछटा) आणि एक्स्पोजर (उजेडाचं प्रमाण) स्वतः लॉक करा, नाहीतर पांढरा टॉवेल नेसलेला माणूस समोरून गेला की सगळं चित्र अंधारतं. भर उन्हात १/५० वर चित्र जळतं, म्हणून उजेड कमी करणारी काच, म्हणजे मोबाइललाही लावता येणारा एनडी फिल्टर घ्या. एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशी ओलांडतो आणि मोबाइल तापून बंद पडतो. ओल्या फडक्याच्या सावलीत ठेवा, थेट पाणी किंवा बर्फ लावू नका. खरं तर त्या दिवसांत दुपारी बारा ते चार रस्त्यावर माणूसही नसतो. पहाटे आणि तिन्हीसांजेला काम करा.

आवाज

या प्रकारात चित्रापेक्षा आवाज जास्त सांगतो, आणि नवखे लोक सगळ्यात कमी मेहनत याच्यावरच घेतात. कॅमेऱ्याचा आतला माइक गर्दीत सगळं एकसारखं गोळा करतो. निवेदन नाही म्हणजे बोलणं ऐकू आलंच पाहिजे, म्हणून ध्वनिमुद्रक बोलणाऱ्याच्या जवळ हवा: आडत्याच्या टेबलावर, टपरीच्या खांबाला, थप्पीवर. तो ठेवताना तिथल्या लोकांना दाखवून ठेवा. लपवलेला माइक हा या कामातला सगळ्यात मोठा विश्वासघात आहे. ध्वनिमुद्रकाचं सेटिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. बोलण्याची पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास, कारण लिलाव करणारा कधी ओरडेल सांगता येत नाही. वाऱ्यासाठी माइकला केसाळ टोपी. सुरुवातीला कॅमेऱ्यासमोर एक टाळी वाजवा, संकलनात दोन्ही जुळवायला तेवढी पुरते.

प्रत्येक जागी किमान एक मिनिट कुणी मुद्दाम काही न बोलता नुसता त्या जागेचा आवाज घ्या. दोन कट जोडताना खालून तो अंथरावा लागतो.

साखर पेठ, भद्रावती पेठ, दाजी पेठ या बाजूला गेलात तर यंत्रमागांचा खडखडाट भिंतीतून रस्त्यावर येतो. मागाजवळ शेजारच्याशीही ओरडून बोलावं लागतं, तिथे संवाद टिपायचा हट्ट सोडा. तो आवाज लांबून घ्या: बोळाच्या तोंडाशी, बंद खिडकीबाहेर, पायरीवर अभ्यास करणाऱ्या मुलीच्या बाजूने. आणि वीज जाण्याची वाट बघा. एका झटक्यात सगळे माग थांबतात, आतून माणसं घाम पुसत बाहेर येतात, बोळात बोलणं सुरू होतं. ती शांतता ऐकलेल्या माणसाला या वस्तीबद्दल निवेदनाचं एकही वाक्य लागत नाही. वीज परत येते तेव्हाही मुद्रण चालूच ठेवा. माग एकेक करून सुरू होतात, तो क्रम ऐकण्यासारखा असतो.

एक व्यवहाराची गोष्ट. टपरीवर सिनेमाचं गाणं वाजत असेल तर ते संवादाखाली येतं, त्या गाण्याचे हक्क तुमच्याकडे नसतात आणि फिल्म ऑनलाइन टाकल्यावर अडते. दृश्य महत्त्वाचं असेल तर आवाज थोडा कमी करायची विनंती करा. माझ्या नियमात एवढा हस्तक्षेप बसतो. काही जण तोही करत नाहीत.

प्रत्यक्ष टिपताना

झूम करू नका, चालत जवळ जा. माणसापासून दीड-दोन हातांच्या अंतरावर उभं राहता येत नसेल तर अजून ओळख कमी पडतेय असं समजा आणि परत वहीकडे वळा. बसलेल्या माणसाला टिपताना तुम्हीही उकिडवे बसा. वरून खाली बघणारा कॅमेरा कष्टकरी माणसाला नेहमी लाचार दाखवतो.

शॉट सुरू केला की निदान अर्धा मिनिट हलू नका. कृती सुरू होण्याआधी बटण दाबा आणि ती संपल्यावरही चालू ठेवा. हमालाने पोतं पाठीवर घेतलं, थप्पीवर टाकलं, इथे बहुतेकांचा शॉट संपतो. त्यानंतर तो कमरेवर हात ठेवून थप्पीकडे बघतो, किती उरलं ते मोजतो, ते हवं असतं.

प्रत्येक प्रसंगात चार गोष्टी मिळवायच्या: काम करणारे हात, करणाऱ्याचा चेहरा, ऐकणाऱ्याचा किंवा बघणाऱ्याचा चेहरा, आणि ही सगळी जागा मावेल अशी एक चौकट. यातला ऐकणाऱ्याचा चेहरा हमखास राहून जातो. लिलावात सगळे बोली लावणाऱ्याला टिपतात. ज्याचा कांदा आहे तो त्या वेळी दोन पावलं मागे, गप्प उभा असतो. कॅमेरा तिकडे वळवा आणि आवाज बोलीचा चालू राहू द्या. बहुतेक वेळा फिल्मचं सगळ्यात बळकट दृश्य तेच निघतं.

लोक कॅमेऱ्याकडे बघतात, पोरं समोर येऊन हात हलवतात. ‘रील करलालाव का?’ असं विचारतात. कॅमेरा खाली करा, बोला, पोरांना त्यांचाच शॉट दाखवा. अर्ध्या तासात त्यांचं कुतूहल सरतं. ‘इकडे बघू नका’ असं सांगितलंत की मात्र ते न बघण्याचा अभिनय सुरू करतात, आणि त्यातून दृश्य वाचत नाही.

काहीच घडत नसेल तर उगाच फुलं, मांजर, सूर्यास्त टिपत बसू नका. कार्ड भरतं, नजर थकते. बसा, बघा.

रोज रात्री

घरी आल्यावर झोपण्याआधी दोन कामं. पहिलं, कार्डावरचं सगळं दोन वेगळ्या डिस्कवर उतरवा आणि त्यातली एक दुसऱ्या घरात ठेवा. सेकंदाला ५० मेगाबिटच्या दर्जाने तासाला साधारण २२ जीबी लागतात, त्या हिशेबाने डिस्क घ्या. पंधरा मिनिटांच्या फिल्मसाठी वीस-पंचवीस तासांचं चित्रीकरण सहज होतं. दुसरं, तारीख, वेळ, कोण, काय झालं, कुठली भाषा अशा पाच रकान्यांत नोंद करा. सोलापुरात भाषेचा रकाना फार महत्त्वाचा. बाई गिऱ्हाइकाशी मराठीत, सुनेशी तेलुगूत आणि रिक्षावाल्याशी हिंदीत बोलते, तेही एका मिनिटात. समजलं नाही म्हणून सोडून दिलेल्या वाक्यातच पुष्कळदा प्रसंगाचा जीव असतो.

संकलन

आधी सगळं एकदा बघा, हातात पेन न घेता. मग ज्या प्रसंगात सुरुवातीला एक स्थिती आणि शेवटी दुसरी आहे असे प्रसंग वेगळे काढा. पोतं रिकामं होणं, भाव ठरणं, गाडी चुकणं, रुसलेला माणूस बोलायला लागणं. नुसती सुंदर चित्रं बाजूला ठेवा. त्यातली फार थोडी परत आत येतील. दा विंची रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती या कामाला पुरेशी आहे.

प्रत्येक प्रसंग आधी स्वतंत्रपणे, त्याच्या खऱ्या लांबीच्या जवळ जाईल असा जोडा. क्रम नंतर लावा. ‘पहाट ते रात्र’ हा क्रम हाताशी असतोच, पण तो प्रत्येक जण वापरतो आणि बघणाऱ्याला पुढचं कळत राहतं. कांदा मार्केटमध्ये हंगामाचा क्रम मला जास्त खरा वाटतो: थप्प्या वाढत जातात, भाव हलत जातो, शेवटी ओटे रिकामे. तेच हमाल, तोच तोलार, तीच टपरी प्रत्येक भागात परत आली की बदल सांगावा लागत नाही.

इथे एक बंधन स्वतःवर घाला. एकाच्या बोलण्यानंतर दुसऱ्याचं हसू जोडलं की तो त्याला हसला असं दिसतं. ते हसू दुसऱ्या दिवसाचं असेल तर हा कट करू नका, कितीही जमून आलेला असला तरी. मुलाखती आणि निवेदन सोडून दिल्यावर तुमच्या फिल्मचा खरेपणा या जोडण्यांतच उरतो. जागेचं नाव आणि महिना एवढ्या पाट्या चालतात. संगीत नको.

सबटायटल बनवताना तेलुगू-कन्नड संवादांचा अनुवाद सोलापूरच्याच माणसाकडून करून घ्या; इथली तेलुगू मराठीत मिसळून गेलेली आहे, हैदराबादचा अनुवादक त्यात अडखळतो. एका वेळी दोनच ओळी ठेवा, आणि वाचायला पुरेसा वेळ द्या. सोलापुरी मराठीखाली प्रमाण मराठीची पट्टी मात्र देऊ नका. त्या बोलीला मराठी माणसासाठी भाषांतराची गरज आहे असं सुचवणं अपमानाचं आहे.

आधी कुणाला दाखवायची

पक्की प्रत काढण्यापूर्वी फिल्म त्याच जागी, त्याच माणसांना दाखवा. गाळ्याच्या भिंतीवर पांढरी चादर आणि भाड्याचा प्रोजेक्टर एवढं पुरतं. तांत्रिक चुका तेच दाखवून देतील: ही गाडी या वेळी येत नाही, हा भाव त्या दिवशीचा नाही. कुणी ‘माझं एवढं काढा’ म्हणालं तर कारण विचारा, पण काढा. ज्याच्यावर बारीकसाही परिणाम होऊ शकतो, उदाहरणार्थ आडत्याविरुद्ध बोललेला शेतकरी, त्याला वेगळं गाठून एकट्याला आधी दाखवा; चारचौघांत तो ‘राहू द्या’ म्हणेल आणि पुढच्या हंगामात त्याची अडचण होईल.

मग बाहेर. मुंबईचा ‘मिफ’ हा आंतरराष्ट्रीय महोत्सव १९९० पासून माहितीपट आणि लघुपटांसाठी भरतो, तिथे प्रवेशिका पाठवा. चित्रपटगृहात किंवा जाहीर खेळ लावायचा तर सेन्सॉर प्रमाणपत्राचा प्रश्न येतो, महोत्सवांसाठी सवलतीची वेगळी वाट असते. त्या चौकशीला दोन-तीन महिने हाताशी ठेवा. फिल्ममध्ये दिसणाऱ्या प्रत्येकाला मोबाइलवर चालेल अशी छोटी फाइल पाठवा, आणि ज्यांच्याकडे तसा मोबाइल नाही त्यांना पेन ड्राइव्ह नेऊन द्या.